हे खरे आहे काय?

ठाणे जिल्ह्यातल्या दैनिकांसाठी भिवंडीतून बातम्या पाठवण्यात माझी उमेदीची वर्षं गेली. आग लागलेलं गोदाम, बंद पडलेले माग, खड्ड्यात कलंडलेला कंटेनर, महासभेतली हमरीतुमरी, अशा बातम्यांमागे धावताना एक माणूस हटकून समोर यायचा, तो म्हणजे आमदार. चेहरे बदलले, झेंडे बदलले. त्या माणसाचा दिनक्रम काही बदलला नाही. लोकांना आमदारकी दिसते ती पांढऱ्या गाडीत, मागे धावणाऱ्या पोरांत आणि चौकातल्या वाढदिवसाच्या फलकावर. मला ती दिसली ती मतदारसंघातल्या कार्यालयाच्या बाकावर बसून आणि कधीमधी विधानभवनाच्या पत्रकार कक्षातून. दोन्हीकडे एकाच माणसाला पाहताना, हा दोन वेगळ्या नोकऱ्या करतोय असं वाटायचं. त्यातली एक नोकरी लोकांनी त्याच्यावर लादलेली आहे आणि दुसरी राज्यघटनेने दिलेली. लादलेल्या नोकरीत दुसरीचा जीव कसा जातो, हे मी इतकी वर्षं पाहत आलो.

आमच्या शहराला पूर्वी भिवंडी नावाचा एकच मतदारसंघ होता. फेररचना झाली आणि २००९ पासून भिवंडी पूर्व, भिवंडी पश्चिम आणि अनुसूचित जमातींसाठी राखीव असा भिवंडी ग्रामीण, असे तीन झाले. शहरातल्या आमदाराच्या कार्यालयात सकाळी नऊ वाजता बसा. उर्दू, आगरी, तेलुगू, भोजपुरी अशा चार बोली तासाभरात कानावर पडतात. पद्मानगरातला पद्मशाली विणकर मुलाच्या जातपडताळणीसाठी आलेला असतो. मागावर बारा तास उभा राहणारा उत्तर प्रदेशातला कामगार आजारी बायकोला घेऊन आलेला असतो; इंदिरा गांधी स्मृती रुग्णालयातून कळव्याला किंवा सायनला पाठवलंय, तिथे खाट मिळत नाही. एखादी म्हातारी रेशनकार्डावरचं नाव दुरुस्त करून मागते. कुणाचं वीजबिल फुगलेलं, कुणाचं गटार तुंबलेलं, कुणाच्या पोराला पोलिसांनी बसवून ठेवलेलं.

या प्रत्येकाला एकच गोष्ट हवी असते: पत्र, नाहीतर फोन. आमदाराचा स्वीय सहायक, ज्याला सगळे पीए म्हणतात, तो लेटरहेडचा गठ्ठा घेऊन बसलेला असतो. मुख्यमंत्री सहायता निधीसाठी पत्र, शाळेच्या प्रवेशासाठी पत्र, रुग्णालयाच्या अधीक्षकांना पत्र. या पत्राला कायद्याने फारशी किंमत नाही आणि ते रोज घेणाऱ्या अधिकाऱ्यालाही हे ठाऊक असतं. म्हणून पत्रामागून फोन जातो. मुरलेल्या पीएची खरी कसोटी कोणत्या पत्रामागे साहेबांनी स्वतः फोन करायचा आणि कोणतं नुसतंच जाऊ द्यायचं, हे ठरवण्यात असते. समोरचा माणूस मात्र दोन्ही वेळा तितक्याच समाधानाने पत्र खिशात घालून जातो.

यातली निम्मी कामं नगरसेवकाची, चौथाई तहसीलदाराची. पण जून २०२२ मध्ये भिवंडी-निजामपूर महापालिकेची मुदत संपली आणि ९० नगरसेवकांच्या सभागृहाच्या जागी प्रशासक आला. तीन वर्षांहून अधिक काळ निवडणूक झाली नाही. त्या काळात सात लाखांवर वस्तीच्या शहरातलं प्रत्येक तुंबलेलं गटार आमदाराच्या दारात वाहू लागलं. ‘आमचा नगरसेवकच नाही, मग जायचं कुणाकडे?’ या प्रश्नाला कुठल्याच आमदाराजवळ उत्तर नव्हतं. आयुक्तांना पत्र लिहिणं, बैठक लावणं, आणि बैठकीत ठरलेलं होतंय का हे पाहायला पुन्हा पत्र लिहिणं, एवढंच त्याच्या हातात होतं.

दिवस संपला की रात्रीची पाळी सुरू होते. आगरी समाजात लग्नाआधीच्या हळदीला लग्नाइतकाच मान. एप्रिल-मे महिन्यांत काल्हेर, कशेळी, राहनाळ, अंजूर या पट्ट्यात एकेका रात्री इतक्या हळदी असतात की आमदाराच्या चालकाला गावांचा क्रम आधी लावून ठेवावा लागतो. मांडवात शिरायचं, नवऱ्यामुलाला हळद लावायची, थोरल्यांच्या पाया पडायचं, लाऊडस्पीकरवरून आपलं नाव पुकारलं जाईपर्यंत थांबायचं आणि निघायचं. जेवायचा आग्रह मोडला तर राग, जेवला तर पुढच्या गावाला उशीर. रमजानात इफ्तार, नवरात्रात तेलुगू वस्तीतला बतुकम्माचा सण, वर्षभर दहावे-तेरावे. न येणाऱ्याची नोंद मांडवात बसलेले म्हातारे तोंडी ठेवतात आणि निवडणुकीत ती बरोबर वाचून दाखवतात. एका लोकप्रतिनिधीला मी विचारलं होतं, विधेयकाचा मसुदा कधी वाचता? तो हसून म्हणाला, ‘मे महिन्यात नाही.’ मे महिन्यात सहसा अधिवेशन नसतं हे त्याचं नशीब.

या धावपळीला नावं ठेवायला मन धजत नाही, त्याला कारण आहे. ७ मे १९७० रोजी शिवजयंतीच्या मिरवणुकीत इथे हिंदू-मुस्लीम दंगल पेटली, तिची चौकशी न्यायमूर्ती मादन आयोगाने केली. १९८४ मध्ये शहर पुन्हा पेटलं. त्यानंतर १९८८ पासून पोलीस उपायुक्त सुरेश खोपडे यांनी दोन्ही समाजांच्या मोहल्ला कमिट्या उभ्या केल्या, आणि १९९२-९३ मध्ये मुंबई जळत असताना भिवंडी शांत राहिली. हा वारसा सांभाळण्याची जबाबदारी आजही पोलिसांइतकीच लोकप्रतिनिधींवर आहे. ईद आणि विसर्जन जवळजवळ आले की शांतता समितीच्या बैठका लागतात. मिरवणुकीची वेळ अर्धा तास मागेपुढे करायला मंडळाच्या पोरांना राजी करणं, अफवेची व्हिडिओ क्लिप फिरू लागली की दोन्हीकडच्या वडीलधाऱ्यांना मध्यरात्री फोन करणं, हे आमदाराने केलेलं मी पाहिलं आहे. ज्याने वर्षभर हळदी आणि इफ्तार चुकवल्या, त्याचा फोन अशा रात्री कुणी उचलत नाही. हे काम कुठल्याही अहवालात येत नाही, आणि भिवंडीच्या आमदाराचं मोजमाप करताना ते विसरून चालत नाही.

मग आमदार निधी. कार्यकर्त्यांना तो साहेबांच्या खिशातला पैसा वाटतो. प्रत्यक्षात आमदाराच्या हातात एक रुपयाही येत नाही. तो काम सुचवतो, जिल्हा नियोजन कार्यालय ते नियमात बसतं का पाहतं, प्रशासकीय मान्यता निघते, महापालिका किंवा सार्वजनिक बांधकाम खातं निविदा काढतं. २०२० पर्यंत वर्षाला दोन कोटी असलेला हा निधी टप्प्याटप्प्याने वाढत २०२२ मध्ये पाच कोटींवर गेला. पाच कोटी ऐकायला मोठे. कंटेनरची रोजची वर्दळ सोसेल असा काँक्रीटचा रस्ता करायला घेतला की त्यात फार अंतर कापलं जात नाही. मग निधी समाजमंदिराला, बाकड्यांना, हायमास्ट दिव्याला, गटाराच्या झाकणांना जातो; प्रत्येक ठिकाणी नावाची पाटी लागते. अंजूरफाट्यापासून चिंचोटीपर्यंतचा किंवा वाड्याकडे जाणारा रस्ता निधीतून होत नाही. तो होतो अर्थसंकल्पातून, आणि अर्थसंकल्पावर बोलायची जागा मुंबईत आहे.

म्हणजे आता दुसरी नोकरी.

विधानसभेच्या २८८ जागांपैकी एका जागेवर बसणाऱ्या माणसाजवळ हत्यारं कोणती? मंत्र्याने सभागृहात तोंडी उत्तर द्यायचा तारांकित प्रश्न, नियम १०५ खालची लक्षवेधी सूचना, नियम ९४ ची अर्धा तास चर्चा, नियम २९३ चा प्रस्ताव, कपात सूचना, औचित्याचा मुद्दा, अशासकीय विधेयक. पक्षादेशाच्या बाहेर जाऊन मत देण्याची सोय १९८५ च्या पक्षांतरबंदी कायद्याने जवळजवळ संपवली, त्यामुळे विधेयकावरच्या मतदानात एकट्या आमदाराला वाव उरला नाही. प्रश्न मात्र त्याचा स्वतःचा असतो. तो विचारायला पक्षाची परवानगी लागत नाही, आणि सत्ताधारी बाकावरचा आमदारही आपल्याच मंत्र्याला तो विचारू शकतो.

मी या कामात शिरलो तो बातमीच्या लोभाने. निरनिराळ्या पक्षांच्या आमदारांना मी प्रश्नांचे मसुदे लिहून दिले. त्यात पैसा नव्हता, उत्तर आलं की ते आधी हाती पडायचं एवढाच फायदा. प्रश्नाचा साचा ठरलेला. अमुक ठिकाणी अमुक घडले, हे खरे आहे काय; असल्यास त्याची चौकशी केली आहे काय; त्याअनुषंगाने शासनाने कोणती कार्यवाही केली वा करण्यात येत आहे; नसल्यास विलंबाची कारणे काय आहेत? वाचायला रुक्ष वाटतं. पण पहिल्या कलमात नेमकी तारीख, नेमकी जागा आणि नेमका आदेश क्रमांक घातला, तर खात्याला पळायला जागा राहत नाही. ढिसाळ लिहिलं की उत्तर येतं, ‘हे खरे नाही’, आणि पुढच्या तिन्ही कलमांना, ‘प्रश्न उद्भवत नाही.’ नीट लिहिलं की येतं, ‘अंशतः खरे आहे.’ शासनाच्या कागदावरचे हे तीन शब्द मिळवणं हीच आमची जीत. ते छापून आले की खालचा अधिकारी दुसऱ्या दिवशी फाइल शोधू लागतो.

भिवंडीचा प्रश्न लिहिताना पहिली अडचण, तो विचारायचा कुणाला? नगरविकास, महसूल, ऊर्जा, वस्त्रोद्योग, कामगार, सगळी खाती इथे एकमेकांत गुंतलेली. शहरात महापालिका, शहराबाहेर पाऊल टाकलं की गोदामांचा पट्टा सुरू. तिथे ग्रामपंचायती आहेत, महसूल खातं आहे आणि नियोजनाचा अधिकार मुंबई महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाकडे (एमएमआरडीए) आहे. एका गोदामाला आग लागली की प्रत्येक कार्यालय दुसऱ्याकडे बोट दाखवतं. २९ एप्रिल २०२३ रोजी वळपाड्यात इमारत कोसळली, खाली गोदाम आणि वर राहती माणसं. अशा वेळी प्रश्न चुकीच्या खात्याला गेला तर ‘ही बाब या विभागाशी संबंधित नाही’ एवढ्या एका ओळीत अधिवेशन संपतं.

त्याआधी, २१ सप्टेंबर २०२० च्या पहाटे, धामणकर नाक्याजवळच्या पटेल कंपाउंडमधली जिलानी इमारत झोपलेल्या माणसांवर पडली. चाळीसच्या आसपास जीव गेले. ढिगाऱ्यावर एनडीआरएफचे जवान काम करत होते आणि नेत्यांच्या गाड्या येत होत्या. गाड्यांची बातमी मीही दिली. पण धोकादायक इमारतींच्या यादीचं, नोटिशीनंतर रहिवाशांनी जायचं कुठे याचं, संक्रमण शिबिराचं काय, हे विचारायची जागा सभागृह होतं. करोनाच्या त्या वर्षात पुढचं अधिवेशन १४ आणि १५ डिसेंबर असं दोनच दिवसांचं झालं. दोन दिवसांत पुरवणी मागण्या आणि विधेयकं उरकली तरी खूप. भिवंडीसारख्या शहराला अधिवेशनाचे दिवस कमी होणं किती महाग पडतं, ते मला तेव्हा कळलं.

प्रश्नाला आणि पाठपुराव्याला कधी फळ येतं याचंही उदाहरण आहे. भिवंडीचं पोट यंत्रमागावर. विजेचा दर युनिटमागे थोडा हलला तरी मजुरीवर कापड विणून देणाऱ्या छोट्या कारखानदाराचं गणित कोसळतं. २६ जानेवारी २००७ पासून इथली वीज वितरणाची व्यवस्था महावितरणने टोरंट पॉवर या खासगी कंपनीकडे सोपवली. देशातला हा असा पहिला प्रयोग. बिलं, थकबाकी, मीटर यांवरून त्यानंतर झालेल्या मोर्च्यांचा हिशेब ठेवणं अवघड. मोर्च्यात आमदार पुढे असतो, फोटो छान येतो. पण दराचा निर्णय मोर्च्यात होत नाही. भिवंडी, मालेगाव, इचलकरंजी, विटा या गावांचे आमदार वेगवेगळ्या पक्षांचे असूनही यंत्रमागाच्या प्रश्नावर सभागृहात आणि मंत्र्यांच्या दालनात एका सुरात बोलत राहिले. २०२४ मध्ये २७ अश्वशक्तीपर्यंतच्या यंत्रमागांना युनिटमागे एक रुपया आणि त्यावरच्यांना ७५ पैसे अशी जादा सवलत जाहीर झाली. मग नोंदणीच्या अटीने तीही अडकू लागली, आणि ती अट काढण्यासाठी पुन्हा निवेदनं सुरू झाली. आमदारकीतलं खरं काम असं असतं: एका रुपयासाठी अनेक वर्षं, आणि रुपया जाहीर झाल्यावर तो हातात पडावा म्हणून आणखी काही महिने.

एवढं करून कारकीर्द किती टिकते? आमच्याकडची नावंच पाहा. २००९ मध्ये अबू आझमी भिवंडी पूर्व आणि मानखुर्द-शिवाजीनगर या दोन्ही जागा जिंकले आणि त्यांनी मानखुर्द ठेवलं. जानेवारी २०१० च्या पोटनिवडणुकीत शिवसेनेचे रूपेश म्हात्रे यांनी आझमींचे चिरंजीव फरहान यांना हरवलं. म्हात्रे २०१४ मध्येही आले. २०१९ मध्ये मुंबई महापालिकेत समाजवादी पक्षाचे गटनेते राहिलेले रईस शेख यांनी त्यांना १,३१४ मतांनी मागे टाकलं, आणि २०२४ मध्ये हेच शेख ५२,०१५ मतांनी निवडून आले. पश्चिमेत भाजपचे महेश चौघुले २०१४ पासून सलग तीनदा, ग्रामीणमध्ये शांताराम मोरेही तीनदा.

१,३१४ मतं म्हणजे दोन-तीन मतदान केंद्रांचा खेळ. पाच वर्षांच्या मेहनतीचा निकाल तेवढ्यावर लागू शकतो, हे पाहिलेला कोणता आमदार हळद सोडून रात्री प्रश्नांची यादी वाचत बसेल?

तरीही लांब पल्ल्याची माणसं असतात. विष्णू सवरा वाड्यातून चार वेळा निवडून आले. फेररचनेत वाडा मतदारसंघच उरला नाही, तेव्हा २००९ मध्ये ते भिवंडी ग्रामीणमधून आले आणि २०१४ मध्ये विक्रमगडमधून. त्या कारकिर्दीत आदिवासी विकास मंत्रिपदही त्यांच्याकडे आलं. २०२० मध्ये ते गेले. पक्ष एकच, माणूस एकच, मतदारसंघ तीन. पाड्यापाड्यावर ज्याची ओळख आहे त्याला नकाशावरची रेघ अडवत नाही, एवढं त्यांच्याकडे पाहून समजलं.

हरलेल्या आमदाराच्या कार्यालयात निकालानंतर जाणं, हाही माझ्या कामाचा भाग होता. आदल्या आठवड्यापर्यंत उंबऱ्यावर चपलांचा ढीग असायचा, तिथे दोन जोड दिसतात. पीए पुढच्या नोकरीच्या शोधात असतो. माजी आमदाराला महिना ५०,००० रुपये निवृत्तिवेतन मिळतं, पहिल्या पाच वर्षांनंतरच्या प्रत्येक वर्षाला २,००० रुपयांची भर पडते. त्यामुळे चूल बंद पडत नाही. पण फोन बंद पडतो, आणि त्याची त्यांना सवय होत नाही. अशा फावल्या दिवसांत काहींनी मला आपली जुनी कागदपत्रं दाखवली. मला नवल वाटायचं ते याचं की समाजमंदिरांच्या उद्घाटनाचे फोटो कुणी काढून दाखवत नव्हतं. ते दाखवायचे एखाद्या प्रश्नाचं छापील उत्तर, एखाद्या मंत्र्याने सभागृहात दिलेलं आश्वासन. ‘हे माझ्यामुळे झालं’ असं बोट ठेवून सांगण्यासारखी वस्तू अखेर त्यांनाही तीच वाटत होती.

सभागृहात दिलेलं आश्वासन हवेत विरत नाही. त्यासाठी विधिमंडळाची आश्वासन समिती आहे, ती खात्यांकडून पूर्ततेचा हिशेब मागते. लोकलेखा समिती आहे, अंदाज समिती आहे, विनंती अर्ज समिती आहे. या समित्यांच्या बैठकांना कॅमेरे नसतात, म्हणून मतदारसंघात त्यांची चर्चा होत नाही आणि कित्येक आमदार तिथे जाण्याचा कंटाळा करतात. जो जातो, कागद वाचून जातो, त्याला सचिव बिचकतात. गाड्यांच्या ताफ्याला कुणी सचिव बिचकल्याचं मी पाहिलेलं नाही.

माझा निष्कर्ष सांगतो. भिवंडीचा आमदार आळशी नसतो. त्याच्याइतका धावणारा माणूस शहरात दुसरा नसेल. पण आपण त्याला नगरसेवकाच्या, तलाठ्याच्या आणि रुग्णालयाच्या कारकुनाच्या कामाला जुंपलं आहे, आणि त्याबद्दलच मतं देतो. साहजिकच तोही तेच करतो. महापालिकेच्या निवडणुका वेळेवर होणं, वॉर्डातलं काम वॉर्डातच सुटणं, अधिवेशनं पुरेसे दिवस चालणं, हे झालं तर त्याला आपलं काम करायला उसंत मिळेल. यासाठी दबाव आणणं आपल्या हातात आहे.

पुढच्या वेळी मत मागायला येणाऱ्या आमदाराला बाकडी किती बसवली हे विचारू नका. पाच वर्षांत भिवंडीबद्दल किती तारांकित प्रश्न विचारले, त्यांतल्या कितींना ‘खरे आहे’ असं उत्तर आलं आणि किती आश्वासनांची पूर्तता झाली, हे विचारा. प्रश्नोत्तरांच्या याद्या महाराष्ट्र विधानमंडळाच्या संकेतस्थळावर मराठीत उपलब्ध असतात. त्या उघडून आपल्या आमदाराचं नाव शोधा, आणि त्याला भेटायला जाताना ते कागद सोबत न्या.